बिनसुरकुतीची चादर

आमच्या कामाला हल्ली चांगली चांगली नावं निघाली आहेत. माझ्या वेळी एकच होतं, आया. त्यातही आम्ही दवाखान्यातल्या आया नव्हतो. दवाखान्यातल्या आयाला लोक निदान बाळंतपणानंतर लुगडं-चोळी देतात, पेढे देतात. आम्ही म्हाताऱ्या बायकांच्या आया. आमच्या हातून बरी होऊन नाचत घरी गेली अशी म्हातारी मला तरी आठवत नाही, त्यामुळे पेढ्यांचा प्रश्न कधी आला नाही.

सोलापुरात गिरण्यांच्या पलीकडे एका व्यापाऱ्याच्या धर्मादायातून चालणारं हे निराधार वृद्धांचं घर होतं. दारावर संगमरवरी पाटीत त्याचं लांबलचक नाव कोरलेलं होतं, पण टांगेवाल्याला ते सांगितलं तर तो तोंडाकडे बघत बसायचा. 'म्हातारखाना' म्हटलं की टांगा बरोबर दारात. पुढच्या अंगाला पुरुष, मागच्या अंगाला बायका. बायकांकडे चोवीस खाटा, तीन आया आणि आमच्यावर एक मुकादमीण. सन तीसच्या आसपासची ही गोष्ट. मी तेव्हा सत्तावीस-अठ्ठावीस वर्षांची विधवा, मराठी चौथी पास आणि जिभेने जरा तिखट. तिखटपणा अजून शाबूत आहे, बाकीचं गेलं.

काम काय असतं, असं लोक विचारतात आणि उत्तर ऐकायच्या आधीच नाक मुरडतात. भांडं देणं, भांडं काढणं, अंग पुसणं, वेणी घालणं, भाकरी दुधात कुस्करून भरवणं. यातलं सगळं कुणालाही जमेल, एकदा किळस गेली की झालं. शिकावं लागतं ते एकच, माणसाची कूस बदलणं. जिला स्वतःला वळता येत नाही तिला दर दोन-अडीच तासांनी आपण वळवायचं. आधी तिचा गुडघा वाकवायचा, मग एक हात खांद्यामागे आणि एक कमरेमागे घालून तिला आपल्याकडे ओढायचं. ढकलायचं नाही. ढकललं की म्हातारं माणूस पडायच्या भीतीने खाटेची दांडी धरून बसतं. वळवल्यावर पाठीशी उशी, दोन्ही गुडघ्यांच्या मध्ये जुन्या लुगड्याची घडी. हे टाळलं तर त्या दिवशी काहीच दिसत नाही. चार दिवसांनी माकडहाडावरची कातडी लाल होते, मग जांभळी, मग काळी, आणि एके दिवशी तिथे खड्डा पडतो. तो खड्डा म्हाताऱ्या शरीरात सहसा भरून येत नाही.

मला हे शिकवलं चांदबीने. चांदबी आमच्यात सगळ्यात जुनी आया, पन्नाशीची, सदा कपाळाला आठ्या, पण हात लोण्यासारखे. तेरा वर्षांत तिच्या एकाही म्हातारीच्या पाठीला जखम झाली नव्हती. हे तिने कधी कुणाला सांगितलं नाही, आणि सांगितलं असतं तरी ऐकणाऱ्याला त्यात काय कळणार? जखम झाली नाही ही काही दाखवण्याजोगी गोष्ट नव्हे.

मग नवे सुपरिंटेंडेंट आले. रेल्वेत स्टेशनमास्तर म्हणून निवृत्त झालेले, बारीक मिशा, खिशात साखळीचं घड्याळ. माणूस वाईट नव्हता. दूध पातळ यायचं ते त्यांनी बंद पाडलं, पाण्याच्या टाकीला झाकण बसवलं, आणि उन्हाळ्यात वाळ्याचे पडदे लावले. पण आयुष्यभर सिग्नल बघितलेला माणूस, त्यांना सगळं लांबून दिसायला हवं असायचं. त्यांनी पत्र्याचे गोल बिल्ले करून घेतले, एका बाजूने हिरवे, एका बाजूने तांबडे. रोज सकाळी आठला तपासणी. खाट नीट असेल तर हिरवी बाजू बाहेर, नसेल तर तांबडी, आणि तो बिल्ला दिवसभर खाटेच्या पायथ्याशी लटकायचा. नीट म्हणजे काय, तर म्हातारीचे केस विंचरलेले, नखं कापलेली, तांब्या घासलेला, आणि सगळ्यात मुख्य म्हणजे चादर. चादरीवर एक सुरकुती त्यांना खपायची नाही. खाटेकडे बघूनच आया कळते, असं ते म्हणायचे.

या परीक्षेत पहिला नंबर कुणाचा आला असेल? धोंडाबाईचा. ही सांगोल्याकडची धनगरीण, उभा जन्म मेंढरांमागे माळावर काढलेला. तिला खाटेवर झोपायची भीती वाटायची. ती आपलं घोंगडं खाटेखाली अंथरून तिथे निजायची आणि सकाळी बाहेर येऊन खाटेशेजारी बसायची. चादरीला तिने कधी अंग लावलंच नाही, त्यामुळे तिच्या खाटेला महिनाभर हिरवा बिल्ला. साहेबांनी एकदा कौतुकाने विचारलं, आजी, झोप चांगली लागते ना? ती म्हणाली, "लागती की. खाटंवरनं पडायचं भ्या वाटतंय. खालनं मानूस कुटं पडनार?" साहेबांना ते नीटसं कळलं नाही. आम्ही तिघी पदर तोंडात कोंबून उभ्या होतो.

हसण्यावारी नेण्यासारखं तेवढंच. कारण त्याच सुमाराला साहेबांनी जाहीर केलं की जुनी मुकादमीण आता गावी जाणार, आणि चैत्रात कमिटी पाहणीला येईल तेव्हा जिच्या खाटांना हिरवे बिल्ले जास्त ती नवी मुकादमीण. मुकादमिणीला फाटकाजवळची वेगळी खोली मिळायची. आम्हा आयांना एकाच दालनात ओळीने झोपावं लागे आणि मुलं ठेवायला सक्त मनाई होती. खोलीवालीला मूल ठेवता यायचं.

माझी शांता नऊ वर्षांची होती आणि केम गावाला माझ्या भावाकडे होती. नवरा तापाने गेला तेव्हापासून तिथेच. भाऊ मायाळू, पण घरात चालायचं वहिनीचं. शांता शेरडं राखायची, पाणी भरायची, शाळा नव्हती. माघात भावाचं कार्ड आलं. लिहिलं होतं की शांताला एक स्थळ आलं आहे, मुलगा बिजवर आहे पण बागायतदार आहे, पहिलीची दोन मुलं आहेत. तुला तिला जवळ ठेवता येत असेल तर घेऊन जा, नाहीतर वैशाखात उरकून टाकतो. त्याचं काही चुकलं असं मला तेव्हा वाटलं नाही, आजही वाटत नाही. पण नऊ वर्षांची पोर, आणि तिने कुणाची दोन पोरं सांभाळायची, या विचाराने माझं डोकं ठिकाणावर राहिलं नाही. त्या दिवसापासून मला खोली हवी होती आणि खोलीकरता हिरवे बिल्ले हवे होते.

आता चादरीची गंमत अशी, की माणूस वळवलं की चादर गोळा होते. सकाळी सहाला खाटा लावायच्या, साहेब आठला निघायचे ते आधी पुरुषांकडे, आमच्याकडे यायला कधी नऊ, कधी साडेनऊ. तोवर म्हाताऱ्यांना उताणं, सरळ, न हलता ठेवायचं. मग नाश्त्याची गडबड, की अकरा वाजलेच. मी त्यावर एक युक्ती काढली. चादरीच्या चारी टोकांना सुतळी बांधून ती खाटेखालून ताणून गाठ मारायची. ढोलकीच्या कातड्यासारखी चादर ताठ. दुसरी आया दोन दिवसांत हे माझ्याकडून शिकली. चांदबीने एकदा बघितलं आणि पुढे गेली. ती आपल्या म्हाताऱ्या नेहमीसारख्या वळवत राहिली आणि तांबडे बिल्ले घेत राहिली. साहेबांनी तिला दोनदा समज दिली.

माझ्या आठ खाटांत सहाजणी चालत्या-फिरत्या होत्या, एक आधाराने उठणारी, आणि एक नरसम्मा. नरसम्मा विणकरांच्या घरातली तेलुगू बाई. नवरा, दोन मुलगे, सगळे तिच्या आधी गेलेले. अर्धांगवायूने उजवी बाजू गेलेली, बोलणं जड, पण डावा हात जागा होता. त्या हाताने ती जवळ येईल त्याच्या कपड्याचं टोक चिमटीत धरून सूत बघायची. माझं लुगडं तिला पसंत नव्हतं. साहेबांचं धोतर पसंत होतं.

तिला भरवायला अर्धा-पाऊण तास लागायचा. घास गिळेपर्यंत थांबावं लागे. त्या वेळात मी तिला सगळं सांगायची, शांताचं, बिजवराचं, खोलीचं, बिल्ल्यांचं. मला वाटायचं, हिला निम्मं मराठी कळत नाही आणि कळलं तरी कुणाला सांगणार? भिंतीला सांगावं तसं सांगत होते. ती मधून विचारायची, "पोरगी कधी येतो?" तिच्या मराठीत सगळे पुरुषच. मी म्हणायची, येईल, तू नीट पडून राहिलीस की येईल. तिच्या भाषेतला एकच शब्द मी मुद्दाम शिकून घेतला होता, कदलोद्दू, हलू नको. रोज सकाळी सुतळी बांधली की तो शब्द म्हणायची आणि पुढच्या खाटेकडे जायची.

सुरुवातीला तपासणी झाली की सुतळी सोडून तिला वळवत होते. मग दुपारी वळवायला लागले. फाल्गुन संपता संपता असं झालं की सुतळी सोडणं-बांधणं नको म्हणून मी तिला दिवसातून एकदा, क्वचित दोनदा वळवत होते. पाठ पुसायची तीसुद्धा ओला फडका चादर आणि पाठीच्या मधून सरकवून. हात फिरत होता, डोळ्यांनी बघणं बंद झालं होतं. आणि त्या दोन महिन्यांत माझ्या खाटांइतक्या सुंदर खाटा त्या घरात कुणाच्याच नव्हत्या. येणारे-जाणारे थांबून बघायचे. खोटं कशाला सांगू, मला अभिमान वाटायचा. कामाचं इतकं समाधान मला त्याआधी कधी मिळालं नव्हतं.

कमिटी शनिवारी यायची होती. बुधवारी दुपारी नरसम्माची चादर बदलायला मी सुतळी सोडली आणि वास आला. हा वास ज्याला माहीत आहे त्याला सांगावं लागत नाही, ज्याला माहीत नाही त्याला सांगून कळत नाही. तिला वळवलं. माकडहाडावर लिंबाएवढी जागा काळी पडली होती आणि कडेने पाणी सुटलं होतं. इतकं व्हायला आठ-दहा दिवस लागतात. आठ-दहा दिवस ती त्यावर पडून होती आणि हूं की चूं केलं नव्हतं. मी तिला रागानेच विचारलं, बोलली का नाहीस? ती तोंड भिंतीकडे असताना तसंच सावकाश म्हणाली,

"पोरगी येऊ दे. मग हलतो मी."

मी भिंतीला सांगत होते असं मला वाटत होतं, त्यातला शब्द न् शब्द तिने ऐकलेला होता.

डॉक्टर आठवड्यातून दोनदा यायचे, मंगळवारी आणि शनिवारी संध्याकाळी. मधे काही झालं तर साहेबांना सांगून चिठ्ठी पाठवायची पद्धत होती. मी चिठ्ठी पाठवली नाही. हे इथे सरळ लिहून टाकते, कारण गेली इतकी वर्षं मी ते वेगवेगळ्या तऱ्हेने स्वतःशी बोलून पाहिलं आहे आणि ते बदलत नाही. सांगितलं असतं तर तांबडा बिल्ला, चौकशी, आणि मुकादमीण दुसरी झाली असती. शांताचं वैशाखात उरकलं असतं. मी कडुलिंबाचा पाला उकळून त्या पाण्याने जखम धुतली, स्वच्छ फडक्याची घडी ठेवली आणि तीन दिवस तिला वेळच्या वेळी वळवलं. तपासणीची वेळ सोडून. त्या वेळी तिला पुन्हा उताणं करून सुतळी बांधत होते.

शनिवारी कमिटी नऊला येणार होती. सहालाच मी सगळ्या खाटा लावल्या. उन्हाळा मी म्हणत होता. मंडळी आली साडेदहाला, मग पुरुषांकडे संस्थापकांच्या तसबिरीला हार, मग भाषण, मग सरबत. आमच्याकडे पोचायला साडेबारा झाले. म्हणजे साडेसहा तास नरसम्मा त्या जखमेवर होती. मी दोनदा तिच्याजवळ गेले. तिच्या ओठावर घाम होता. कदलोद्दू म्हणायची मला गरज पडली नाही.

अध्यक्ष पोटाने मोठे आणि स्वभावाने मऊ असे गृहस्थ होते. ते नरसम्माच्या खाटेशी थांबले, चादरीवरून हात फिरवला आणि म्हणाले, असं अंथरूण आमच्या घरीसुद्धा नसतं. सगळे हसले. मग ते वाकून म्हणाले, "काय आजीबाई, काही त्रास नाही ना?"

मी पायथ्याशी उभी होते. बोलायचं तर तेव्हा बोलायचं होतं. नरसम्माने त्यांच्याकडे बघितलं नाही, माझ्याकडे बघितलं आणि म्हणाली, "मंचिगुंदी."

अध्यक्षांनी मला विचारलं, काय म्हणतात त्या?

"सगळं चांगलं आहे म्हणते," मी सांगितलं. शब्दाचा अर्थ तोच होता.

ते गेल्यावर साहेबांनी तिथेच माझं नाव जाहीर केलं. मी वाकून नमस्कार केला आणि तशीच मागे फिरून सुतळ्या सोडल्या. तिला वळवायला गेले तर चादर पाठीला चिकटलेली. कोमट पाणी ओतून हळूहळू सोडवावी लागली. मी एकटी आहे असं समजून हे करत होते, तोच समोरून कुणीतरी तिचा खांदा धरला. चांदबी होती. तिने जखम बघितली, मग माझ्याकडे बघितलं. मला वाटलं, आता ही ओरडेल, साहेबांना बोलावून आणेल. सुतळीचं बिंग फुटलं असतं तर खोली तिलाही मिळाली असती. ती फक्त एवढंच म्हणाली,

"मेरेकू बोली होती तो मैं रोज पलटाती थी ना, यमुना."

मला ते सुचलंच नव्हतं. मुकादमपणाच्या शर्यतीत ती माझी प्रतिस्पर्धी आहे असं मी धरून चालले होते. तिच्या मनात तसलं काही नव्हतंच, हे मला त्या क्षणी कळलं, आणि कळून काही उपयोग नव्हता.

संध्याकाळी डॉक्टरांना दाखवलं. कधीपासून आहे, त्यांनी विचारलं. काल दिसली, मी म्हटलं. त्यांनी चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं. इतकी जखम एका दिवसात होत नाही हे त्यांना ठाऊक नसेल असं नाही. पण त्यांनी मलमपट्टीचं लिहून दिलं आणि गेले. साहेब म्हणाले, म्हातारं शरीर, व्हायचंच. मला कुणीही बोललं नाही. कुणी दोन शब्द लावले असते तर बरं झालं असतं, असं अजून वाटतं.

दहा दिवसांनी भाऊ शांताला घेऊन आला. तिचा बोजा एका पिशवीत मावला होता. खोलीत पिशवी ठेवली आणि मी तिला थेट नरसम्माकडे नेलं. नरसम्माला तोवर रोज ताप येत होता, जखम आत हाडापर्यंत गेली होती. वासाने शांता दारातच थबकली. मी तिला हाताला धरून जवळ नेलं, आजीच्या पाया पड म्हटलं. नरसम्माने डाव्या हाताने तिच्या परकराचं टोक चिमटीत घेतलं, जरा चोळून पाहिलं आणि सोडलं. मग मला म्हणाली,

"आला पोरगी. आता हलव मला."

मी आणि चांदबीने तिला वळवलं. पुढे रोज वळवत राहिलो, दिवसात दहा-दहा वेळा. दोन आठवड्यांनी ती गेली.

मुकादमपण मी एकवीस वर्षं केलं. सुतळ्या पहिल्याच आठवड्यात गोळा करून बंबात टाकल्या. तपासणी दुपारी चारची करून घेतली, त्याला साहेबांशी वर्षभर वाद घातला. पुढे पुढे ते बिल्ले कुठे गेले कळलंही नाही. नव्या आयांना मी कामाला लावायच्या आधी चांदबीकडे पाठवत असे. माझ्या काळात आमच्याकडे पाठीला जखम झाली नाही असं म्हणवत नाही, पण झालेली लपवली गेली नाही. लोक म्हणायचे, यमुनाबाई फार कडक. होते मी कडक. ज्या आयाची खाट फार सुंदर दिसायची तिच्यावर माझी नजर जास्त असायची, आणि त्या बिचाऱ्यांना ते अन्यायाचं वाटायचं.

शांता शाळेत गेली, सातवीची फायनल पास झाली, मास्तरणीच्या ट्रेनिंगला गेली. आज ती मुलींच्या शाळेत मुख्याध्यापिका आहे. लहानपणी तिने मला एकदा विचारलं होतं, आई, सगळ्या आयांमध्ये खोली आपल्यालाच कशी मिळाली? मी म्हटलं होतं, चांगलं काम केलं म्हणून. तिने ते मनात धरून ठेवलं. मागच्या वर्षी शाळेच्या बक्षीस समारंभाला तिने मला खुर्चीवर नेऊन बसवलं आणि सगळ्या मुलींसमोर सांगितलं, माझ्या आईने आपलं काम चोख केलं म्हणून मी आज इथे उभी आहे. मुलींनी टाळ्या वाजवल्या. एका लहान मुलीने माझ्या गळ्यात हार घातला आणि मी तो घालून घेतला.

माझं हे लिहिलेलं ज्या दिवाळी अंकात छापून येणार आहे, तो अंक शाळेच्या वाचनालयात येतो. यंदा मी तो त्याआधीच शांताच्या हातात देणार आहे, आणि ती वाचेपर्यंत समोर बसून राहणार आहे.